मार्क श्ट्राइट: २६२ व्या क्रमांकावर निवडलेला स्विस कर्णधार (वारंवार विचारले जाणारे प्रश्न)

आइस हॉकीचा विषय निघाला आणि मी मार्क श्ट्राइटचं नाव घेतलं की समोरून साधारण तेच ते प्रश्न येतात. स्वित्झर्लंडमधून कोणी एवढा मोठा खेळाडू झाला का, इथपासून 'मग त्याने कप जिंकला की नाही' इथपर्यंत. तेव्हा सगळी उत्तरं एकदाच नीट लिहून ठेवतो आहे.

हा मार्क श्ट्राइट नेमका कोण?

स्वित्झर्लंडचा बचावपटू. जन्म ११ डिसेंबर १९७७, बर्न प्रांतातल्या एंग्लिसबर्ग या गावातला. २००५ ते २०१७ या काळात तो अमेरिका-कॅनडातल्या एनएचएलमध्ये, म्हणजे जगातल्या सगळ्यात तगड्या लीगमध्ये, ७८६ सामने खेळला. त्यात ९६ गोल, ३३८ असिस्ट (गोल होण्याआधीचा पास), एकूण ४३४ गुण. २०११ मध्ये तो न्यूयॉर्क आयलंडर्सचा कर्णधार झाला. एनएचएलमधला तो पहिला स्विस कर्णधार. स्वित्झर्लंडकडून चार ऑलिंपिक खेळला आणि बरीच वर्षं राष्ट्रीय संघाचंही नेतृत्व केलं.

'स्ट्रीट' म्हणायचं की 'स्ट्राइट'?

जर्मन उच्चार 'श्ट्राइट'. अमेरिकन समालोचक 'स्ट्राइट' म्हणत. जर्मनमध्ये या शब्दाचा अर्थ भांडण किंवा वाद असा होतो. त्याच्या खेळात मात्र मारामारीला फारसं स्थान नव्हतं.

बचावपटू आहे, मग इतके गुण कुठून आले?

हा प्रश्न सगळ्यात जास्त वेळा येतो, आणि त्याचं उत्तर कळलं की श्ट्राइट कळतो. म्हणून जरा सविस्तर सांगतो.

आइस हॉकीत गोलरक्षक धरून एका वेळी सहा जण बर्फावर असतात: तीन आघाडीचे, दोन बचावपटू आणि गोलरक्षक. एखाद्याने नियम मोडला की त्याला दोन मिनिटं बाहेर पेटीत बसवतात. कबड्डीत गडी बाद झाल्यावर बाकीच्यांची जशी तारांबळ उडते, तशी त्याच्या संघाची उडते. चार जणांनी पाच जणांना थोपवायचं असतं. समोरच्या संघासाठी ही दोन मिनिटं म्हणजे 'पॉवर प्ले'.

आता चित्र डोळ्यांसमोर आणा. प्रतिस्पर्ध्याच्या गोलपासून साधारण वीस मीटरवर बर्फात एक निळी रेषा आहे. श्ट्राइट त्या रेषेला जवळजवळ टेकून उभा आहे. पक, म्हणजे चेंडूऐवजी वापरतात ती रबरी चकती, त्याच्याकडे येतो. पक रेषेपलीकडे निसटला तर श्ट्राइटच्या सगळ्या साथीदारांना तिथून बाहेर यावं लागतं आणि हल्ला पुन्हा शून्यापासून उभा करावा लागतो. म्हणजे चूक करायला जागा नाही, आणि एक प्रतिस्पर्धी तर अंगावर धावून येतोच आहे. श्ट्राइट लगेच मारत नाही. रेषेच्या कडेने दोन पावलं आडवा सरकतो, समोरच्याचा पाय हलेपर्यंत थांबतो आणि मग एकतर पलीकडच्या वर्तुळात पास देतो, नाहीतर बर्फालगत खालून फटका मारतो. खालून अशासाठी की गोलसमोरच्या गर्दीत उभ्या असलेल्या साथीदाराला काठी लावून पकची दिशा बदलता यावी. गोलरक्षकाला त्या गर्दीमुळे पक दिसतच नाही.

हे काम ताकदीपेक्षा डोक्याचं आणि पायांचं. पाच फूट अकरा इंच उंची एनएचएलमधल्या बचावपटूला तशी बेताचीच, पण या कामात त्याच्या तोडीचे लोक लीगमध्ये मोजकेच होते. त्याच्या असिस्टचा मोठा वाटा या दोन-दोन मिनिटांतून आला आहे.

त्याची सुरुवात कुठे झाली?

फ्रिबूर्ग-गोतेरों या क्लबमध्ये, १९९५-९६ च्या मोसमात. त्या वेळी तिथे बिकोव आणि खोमुतोव ही सोव्हिएत संघातली प्रसिद्ध जोडी खेळत होती. अठरा वर्षांच्या पोराला ती रोज सरावात बघायला मिळाली. पुढच्याच वर्षी तो दावोसला गेला. तिथे आर्नो देल कुर्तो नुकतेच प्रशिक्षक म्हणून आले होते आणि पुढे दोन दशकांहून जास्त काळ तिथेच राहिले. देल कुर्तो यांचा खेळ म्हणजे सतत पळणं, आणि श्ट्राइटचे पाय तिथेच तयार झाले असं मला वाटतं.

१९९९ मध्ये तो अमेरिकेला गेला होता म्हणतात. मग परत का आला?

गेला होता. एका वर्षात तीन वेगवेगळ्या कनिष्ठ लीगमधल्या तीन संघांकडून खेळला: स्प्रिंगफील्ड, टॅलाहासी आणि यूटा. त्यातून एनएचएलचं दार काही उघडलं नाही. २००० मध्ये तो परत आला आणि झुरिचच्या झेडएससी लायन्समध्ये दाखल झाला.

त्या काळात स्विस खेळाडूंबद्दल तिकडे काय मत होतं हेही लक्षात घ्यायला हवं. १९९५ मध्ये पाउली याक्स हा गोलरक्षक लॉस एंजेलिसकडून बर्फावर उतरला तेव्हा एनएचएलमध्ये पहिल्यांदा कोणी स्विस दिसला. १९९७ च्या ड्राफ्टमध्ये (नवे खेळाडू निवडायची वार्षिक फेरी) मिशेल रीझनला एडमंटनने चौदाव्या क्रमांकावर, म्हणजे खूप वर, निवडलं; त्याच्या वाट्याला बारा सामने आले. स्विस पोरं देखणं खेळतात पण तिकडच्या धसमुसळेपणात टिकत नाहीत, असा समज रूढ होत चालला होता. श्ट्राइटचं ते वाया गेलेलं वर्ष त्याच समजात जमा झालं असणार.

झुरिचमध्ये त्याने काय केलं?

पहिल्याच मोसमात विजेतेपद. २००१ ची अंतिम मालिका लुगानोविरुद्ध सातव्या सामन्यापर्यंत गेली, तो सामनाही जादा वेळेत गेला आणि मॉर्गन सॅम्युएलसनच्या गोलने झुरिच जिंकलं, तेही लुगानोच्या घरात. पुढे श्ट्राइट या संघाचा कर्णधार झाला. परदेशी संधीचा नाद सोडून देऊन मायदेशात सुखाने, मानाने दहा-बारा वर्षं खेळता येईल अशी त्याची स्थिती होती. कित्येकांनी तेच केलं, आणि त्यात वावगं काहीच नाही.

नवव्या फेरीत निवड झाली, म्हणजे काय?

एनएचएलच्या वार्षिक ड्राफ्टमध्ये तीस संघ (तेव्हा तीस होते) आळीपाळीने खेळाडू निवडतात. निवडले जाणारे बहुतेक अठरा वर्षांचे असतात. २००४ चा ड्राफ्ट रॅली या शहरात झाला. पहिला क्रमांक अलेक्झांडर ओवेच्किन, दुसरा येवगेनी माल्किन. असं करत करत, शेवटच्या म्हणजे नवव्या फेरीत, २६२ व्या क्रमांकावर मॉन्ट्रियल कॅनेडियन्सने श्ट्राइटचं नाव घेतलं. त्याचं वय तेव्हा २६.

सव्वीस वर्षांचा माणूस ड्राफ्टमध्ये कसा? तेव्हाच्या नियमानुसार युरोपात खेळणाऱ्याला एनएचएलमध्ये यायचं तर वय काहीही असो, ड्राफ्टमधूनच यावं लागे. आणि अशा खेळाडूवर संघ पहिल्या फेऱ्या खर्च करत नसत. नववी फेरी म्हणजे 'घेऊन तर ठेवू' अशी. पुढच्याच वर्षी ड्राफ्ट सात फेऱ्यांचा झाला, म्हणजे ती फेरीच राहिली नाही. एक वर्ष उशीर झाला असता तर श्ट्राइटचं नाव निघालं असतं का, हा विचार माझ्या मनात नेहमी येतो.

त्याच ड्राफ्टमध्ये २५८ व्या क्रमांकावर नॅशव्हिलने पेका रिने नावाचा फिनिश गोलरक्षक घेतला होता. तोही पुढे लीगमधल्या उत्तम गोलरक्षकांत गणला गेला. यादीच्या तळाशी काय काय असतं बघा.

निवड २००४ ची, मग पहिला सामना २००५ मध्ये का?

२००४-०५ चा अख्खा मोसम मालक आणि खेळाडूंच्या वादात रद्द झाला. श्ट्राइट आणखी एक वर्ष झुरिचमध्ये खेळला. हा उशीर त्याच्या पथ्यावर पडला असं माझं मत आहे. लीग पुन्हा सुरू झाली तेव्हा काठी अडकवून प्रतिस्पर्ध्याला रोखण्यावर पंच कडक कारवाई करू लागले, लांब पासवरचं जुनं बंधन निघालं आणि खेळ एकदम वेगवान झाला. आडदांड बचावपटूंचा भाव उतरला, पळणाऱ्यांचा चढला.

मॉन्ट्रियलमध्ये तो बचावपटू म्हणून खेळला की आघाडीला?

दोन्ही. माझ्या दृष्टीने त्याच्या कारकिर्दीतला सगळ्यात मोठा धडा इथे आहे.

पहिल्या वर्षी ४८ सामने आणि अवघे ११ गुण. कित्येक रात्री तो संघाबाहेर, कोट घालून प्रेक्षकांत. युरोपातलं बर्फाचं मैदान तीस मीटर रुंद, एनएचएलचं सव्वीस. ते चार मीटर कमी झाले की विचार करायला मिळणारा वेळही तेवढाच आटतो. झुरिचमध्ये कर्णधार राहिलेल्या २८ वर्षांच्या माणसाला हे सगळं नव्याने शिकावं लागलं.

पुढे गी कार्बोनो प्रशिक्षक झाले आणि त्यांनी त्याला कधी बचावात, कधी आघाडीच्या फळीत विंगवर, म्हणजे कडेला, खेळवलं. हॉकीत ही साधी अदलाबदल नसते. बचावपटू आयुष्यभर उलटं सरकायला शिकतो, सगळा खेळ समोर ठेवून बघतो. विंगवर गेला की पाठीमागून काय येतंय ते त्याला दिसत नाही. श्ट्राइटने तेही केलं आणि जागा टिकवली. पॉवर प्ले आला की पुन्हा निळ्या रेषेवर.

२००७ मध्ये शेल्डन सूरे हा फटकेबाज बचावपटू संघ सोडून गेला आणि त्याची पॉवर प्लेमधली जागा रिकामी झाली. तिथे श्ट्राइट आंद्रे मार्कोवच्या जोडीला कायमचा उभा राहिला. २००७-०८ मध्ये त्याने १३ गोल आणि ४९ असिस्ट केले, एकूण ६२ गुण. लीगमधल्या सगळ्या बचावपटूंत त्याच्या पुढे फक्त दोघं होते, निकलस लिडस्ट्रॉम (७०) आणि सर्गेई गोंचार (६५). मॉन्ट्रियलचा पॉवर प्ले त्या वर्षी लीगमध्ये अव्वल ठरला.

इतकं छान चाललं असताना त्याने मॉन्ट्रियल का सोडलं?

करार संपला होता आणि न्यूयॉर्क आयलंडर्सनी पाच वर्षांसाठी दोन कोटी पाच लाख डॉलर देऊ केले. शिवाय तिथे तो निव्वळ बचावपटू असणार होता, संघाचा पहिल्या क्रमांकाचा. पहिल्याच वर्षी त्याने ५६ गुण मिळवले आणि २००९ च्या ऑल-स्टार, म्हणजे लीगमधल्या निवडक खेळाडूंच्या, सामन्यात निवड झाली. तो सामना नेमका मॉन्ट्रियलमध्येच होता.

खांद्याच्या दुखापतीनंतर कर्णधारपद कसं मिळालं?

सप्टेंबर २०१० मध्ये मोसमाआधीच्या सरावात, आपसांतल्या सामन्यात धडक बसली आणि खांदा गेला. शस्त्रक्रिया झाली आणि २०१०-११ चा पूर्ण मोसम हातातून गेला. एकही सामना नाही. वय ३३ होत आलेलं. खांदा म्हणजे फटका, खांदा म्हणजे फळकुटावर होणारी झोंबाझोंबी. तो पूर्वीसारखा होईल का याची खात्री कोणालाच देता आली नसती.

त्याच नोव्हेंबरात कर्णधार डग वेट पाठीच्या दुखापतीने बाहेर पडला आणि २०११ च्या उन्हाळ्याआधी निवृत्त झाला. नवा कर्णधार निवडायची वेळ आली तेव्हा संघाने वर्षभर एकही सामना न खेळलेल्या श्ट्राइटच्या छातीवर 'सी' हे कर्णधाराचं अक्षर लावलं. जॉन टॅव्हारेससारखा हिरा संघात होता, पण तो जेमतेम एकवीस वर्षांचा. परत आल्यावर श्ट्राइट २०११-१२ चे सगळे, म्हणजे ८२ सामने खेळला आणि ४७ गुण मिळवले. मला विचाराल तर त्याच्या सगळ्या आकड्यांत '८२' हा आकडा सगळ्यात बोलका आहे.

२०१२-१३ मध्ये तो बर्नकडून कसा काय खेळला?

पुन्हा लॉकआउट, म्हणजे मालक-खेळाडू वादात लीग बंद. जानेवारी २०१३ पर्यंत एनएचएल बंद होती, तेव्हा श्ट्राइट घरच्या एससी बर्नमध्ये खेळला. त्याच संघात रोमान योसी होता, मूळचा बर्नचाच. आणि टॅव्हारेसही होता. आयलंडर्सचा कर्णधार आणि त्याच्यानंतर कर्णधार होणारा पोरगा, दोघं काही महिने बर्नमध्ये एकत्र खेळले. लीग सुरू झाल्यावर आयलंडर्स २००७ नंतर प्रथमच प्लेऑफमध्ये (मोसमाअखेरच्या बाद फेऱ्यांत) पोचले आणि पिट्सबर्गकडून ४-२ ने हरले. ती मालिका श्ट्राइटची आयलंडर्ससाठी शेवटची. जूनमध्ये फिलाडेल्फिया फ्लायर्सनी त्याच्याशी वाटाघाटीचे हक्क घेतले आणि चार वर्षांचा करार केला. तिथे २०१४-१५ मध्ये, वयाच्या ३७ व्या वर्षी, त्याने ५२ गुण केले.

राष्ट्रीय संघातली त्याची कामगिरी?

सॉल्ट लेक सिटी २००२, ट्युरिन २००६, व्हँकुव्हर २०१० आणि सोची २०१४ ही चार ऑलिंपिक.

ट्युरिनमध्ये स्वित्झर्लंडने आधी चेक संघाला ३-२ ने आणि मग कॅनडाला २-० ने हरवलं. दोन्ही गोल पॉल डिपिएत्रोचे, आणि गोलरक्षक मार्टिन गेर्बरने ४९ फटके अडवले. उपांत्यपूर्व फेरीत स्वीडनने ६-२ असं धुतलं. तेच पुढे सुवर्ण घेऊन गेले.

व्हँकुव्हरला श्ट्राइट कर्णधार. समोर यजमान कॅनडा. भारतात तेव्हा १९ फेब्रुवारीची, शिवजयंतीची सकाळ उजाडत होती. कॅनडा २-० ने पुढे गेला, स्विसांनी बरोबरी साधली, जादा वेळेतही निकाल लागला नाही. शूटआउटमध्ये, म्हणजे एकेकट्या खेळाडूने गोलरक्षकावर मारायच्या फटक्यांत, कॅनडाचा सिडनी क्रॉस्बी पहिल्यांदा चुकला, ऑलिंपिकच्या नियमाने त्याला पुन्हा संधी मिळाली आणि त्याने ती घेतली. ३-२. हरले खरे, पण चार वर्षांपूर्वीचा विजय ही लॉटरी नव्हती हे त्या सकाळी सगळ्यांना कळलं.

२०१३ च्या जागतिक रौप्यपदकात तो होता का?

नाही. स्वित्झर्लंड स्टॉकहोममध्ये अंतिम फेरीत पोचला त्या वसंतात तो वर सांगितलेल्या प्लेऑफमध्ये गुंतला होता. त्या संघाचा कर्णधार होता मातियास सेगर.

सेगर मोठा की श्ट्राइट?

तुलना करायचा मोह होतोच, कारण दोघं बचावपटू, दोघं झुरिचमध्ये एकत्र खेळले आणि जन्मात अंतर अवघ्या सहा दिवसांचं (सेगर १७ डिसेंबर १९७७). सेगर १९९९ ते २०१८ एकाच क्लबमध्ये राहिला. सहा वेळा स्विस विजेतेपद, १६ जागतिक स्पर्धा, देशासाठी ३०५ सामने. २००९ मध्ये त्याच्या झेडएससी लायन्सनी झुरिचमध्ये शिकागो ब्लॅकहॉक्सना २-१ ने हरवलं, आणि तेच शिकागो पुढच्या जूनमध्ये स्टॅनली कप, म्हणजे एनएचएलचं विजेतेपद, जिंकलं. एनएचएल न खेळताही माणूस किती उंची गाठू शकतो याचं सेगर हे उदाहरण. मी या दोघांत क्रम लावत नाही.

मग स्टॅनली कप जिंकला की नाही?

जिंकला, २०१७ मध्ये, ३९ व्या वर्षी. १ मार्चला फिलाडेल्फियाने त्याला टँपाला दिलं आणि टँपाने त्याच दिवशी पिट्सबर्गला. प्लेऑफमध्ये त्याला फक्त तीन सामने मिळाले, ओटावाविरुद्धच्या मालिकेत. अंतिम मालिकेत तो बाहेर होता. आणि समोर कोण? नॅशव्हिल, ज्यांच्या बचावात रोमान योसी आणि यानिक वेबर हे दोन स्विस. २६२ व्या क्रमांकाचा म्हातारा इकडे, त्याने उघडलेल्या वाटेवरून आलेले दोघं तिकडे. 'तीनच सामने, मग कप कसला' असं म्हणणारे भेटतात. मला ते पटत नाही. संघाच्या गरजेला हाताशी असणं हे काम तो मॉन्ट्रियलच्या पहिल्या वर्षापासून करत आला होता.

त्याच्याआधी कप जिंकलेले स्विस म्हणजे डेव्हिड एबिशर (२००१) आणि मार्टिन गेर्बर (२००६). दोघं गोलरक्षक.

त्याच्यानंतर कोण?

योसी सप्टेंबर २०१७ मध्ये नॅशव्हिलचा कर्णधार झाला आणि २०२० मध्ये लीगमधल्या सर्वोत्तम बचावपटूचा नॉरिस करंडक घेतला. निको हिशियर २०१७ च्या ड्राफ्टमध्ये पहिल्या क्रमांकावर गेला, आता न्यू जर्सीचा कर्णधार आहे. नीनो नीडरराइटरला २०१० मध्ये पाचव्या क्रमांकावर निवडलं ते आयलंडर्सनीच. आज स्विस खेळाडू निवडताना कोणी 'हा टिकेल का' असं विचारत नाही.

शेवट कुठे झाला?

मॉन्ट्रियलमध्येच. २०१७ च्या उन्हाळ्यात त्याने तिथे एका वर्षाचा करार केला, ऑक्टोबरमध्ये दोन सामने खेळला, मग संघाने त्याला खालच्या संघात पाठवायचं ठरवलं. तो गेला नाही. करार सामोपचाराने संपवला आणि निवृत्त झाला. नंतर एससी बर्नमध्ये भागीदारी घेऊन तो क्लबच्या संचालक मंडळावर गेला.

आता त्याचा खेळ बघायचा तर काय बघू?

२००७-०८ चे मॉन्ट्रियलचे पॉवर प्ले शोधा. जर्सी क्रमांक ३२, निळ्या रेषेवर, डाव्या हाताने मारणारा. पहिल्या वेळी नजर पकवर जाईल, ते साहजिक आहे. दुसऱ्यांदा पक सोडून द्या आणि त्याचे पाय बघा. पास यायच्या आधीच ते सरकू लागलेले असतात.